गर्ट्रूड, अकरा चाळीस

“खोडून टाक ते.”

“नाव खोडता येईल, कॉन्सेप्टा. घातलेलं पाणी परत काढता येत नाही.”

“मला धर्म शिकवू नकोस, ट्रूडीबाय. पेन घे आणि खोड. आत्ता, माझ्यासमोर.”

“हळू बोल. आत बाळं झोपलीत.”

“माझी झोपलीय? नळ्या लावून पडलीय ती, बारा दिवस. आणि तू मला न विचारता तिला मरणाऱ्याचं पाणी घातलंस.”

ट्रूडीनं दार लोटून घेतलं. अबू धाबीतल्या एका हॉस्पिटलचा तिसरा मजला. दिवस पूर्ण व्हायच्या आत जन्मलेल्या बाळांचा विभाग दाराच्या पलीकडे, आणि अलीकडे ही आयांची खोली. एक सोफा, दूध काढायची दोन यंत्रं, भिंतीवर हसणारे ढग. दुपारचा एक वाजून गेला होता. बाहेर ऊन इतकं पांढरं की खिडकीची काच दुधाची वाटावी. आत एसीनं हाडं गारठत होती, आणि दोघींपैकी एकीलाही अंगावर काही घ्यायचं सुचलं नव्हतं.

कॉन्सेप्टा तुस्कानो वसईतल्या गिरीजची. चौदा वर्षं अबू धाबीत, हॉटेलच्या रिझर्वेशनमध्ये. रागावलेल्या गिऱ्हाइकाला गोड आवाजात थांबवून ठेवण्याचा तिला पगार मिळत असे. तो आवाज आज कुठं गेला होता कुणास ठाऊक. ट्रूडी तिच्या नवऱ्याची, हिलरीची, थोरली बहीण, याच हॉस्पिटलात नर्स. बावीस वर्षं तिनं याच विभागात काढली होती. दोन वर्षांपूर्वी कंबर धरली म्हणून तिला खाली लसीकरणात बसवलं, तरी वरच्या मजल्याचं दार तिच्या कार्डानं अजून उघडायचं.

वसईच्या आमच्या ख्रिस्ती घरांत बाळाचा बाप्तिस्मा चर्चमध्ये होतो. फादर, मेणबत्ती, पांढरा झगा, मागाहून वडे आणि सुक्या मटणाचं जेवण. पण बाळ हातचं जातंय असं दिसलं तर फादरांची वाट बघत नाहीत. घरातल्या कोणीही डोक्यावर तीनदा पाणी घालावं, शब्द म्हणावेत, नाव द्यावं. त्याचा खरा बाप्तिस्मा होतो आणि तो पुन्हा करता येत नाही. म्हणूनच घाईनं घातलेल्या पाण्याचा अर्थ कोणा वसईकरणीला समजावून सांगावा लागत नाही. ते पाणी दिसलं की शेजारच्या बायका न बोलता चूल विझवून येतात.

ट्रूडीनं ते आज सकाळी घातलं होतं. सिरिंजमधून, इनक्युबेटरच्या गोल खिडकीतून हात आत घालून, तीनदा, दर वेळी दोन थेंब. कोणाला कळलंही नसतं. पण ती नर्स होती. जे लिहिलं नाही ते केलंच नाही, हा तिच्या हाडीमासी भिनलेला नियम. पाणी घालून झालं आणि हात आपोआप खिशातल्या पेनाकडे गेला. इनक्युबेटरवरच्या कार्डावर छापलं होतं, ‘बेबी ऑफ कॉन्सेप्टा’. त्याच्या खाली तिनं निळ्या शाईत लिहिलं: गर्ट्रूड. बाप्तिस्मा. ११.४०. पुढं सही केली. तासाभरानं कॉन्सेप्टा दूध घेऊन आत गेली आणि तिनं ते वाचलं.

“आणि नाव तरी कोणतं,” कॉन्सेप्टा म्हणाली, “गर्ट्रूड. जगातली बाकीची नावं संपली होती?”

“तेवढ्या वेळात तोंडात आलं ते दिलं.”

“तुझं स्वतःचं.”

“माझं स्वतःचं.”

“नोव्हेंबरात सासूबाईंबरोबर गुडघे टेकून मी ती प्रार्थना म्हटलीय, संत गर्ट्रूडची. कोणासाठी असते ती? सांग ना.”

ट्रूडीनं खिशातलं पेन आणखी खाली ढकललं.

“मेलेल्यांच्या आत्म्यांसाठी असते. कबरस्तानात म्हणतात. माझी जिवंत आहे, बाय. मी बारा दिवस तिच्यासाठी एकही नाव उच्चारलं नाही. हिलरीला पण उच्चारू दिलं नाही. नाव नसेल तर कोणी हाक मारणार नाही, असं मला वाटलं. आणि तू सरळ हाक मारलीस.”

दार उघडलं. हिलरी तीन कागदी पेले दोन हातांत कसेबसे सांभाळत आत आला, मागून त्यांची तेरा वर्षांची थोरली, अ‍ॅशले, शाळेच्या युनिफॉर्ममध्येच.

“करक चहा आणलाय. साखर जास्त आहे, पण आज...” त्यानं दोघींची तोंडं पाहिली. “काय झालं?”

“तुझ्या बहिणीला विचार.”

“मी पाणी घातलं,” ट्रूडी म्हणाली.

हिलरीनं पेले खाली ठेवले. एक कलंडला. तो कोणी उचलला नाही.

“म्हणजे... बाय, म्हणजे इतकं...”

“इतकं काही नाही. खबरदारी. मलापण घातलं होतं. मी सत्तावन्न वर्षांची घोडी तुझ्यासमोर उभी आहे की नाही?”

“ती गोष्ट मला पाठ आहे,” कॉन्सेप्टा म्हणाली. “ती सांगून मला गप्प करू नकोस.”

ती गोष्ट तुस्कानोंच्या घरात सगळ्यांनाच पाठ होती. गास गावात एकोणीसशे सदुसष्टच्या सोळा नोव्हेंबरला ट्रूडी दोन महिने आधी जन्मली. सुईणीनं तिला कापसात गुंडाळून सुपात ठेवलं. ती रडली नाही. सुईणीनं तांब्यातलं पाणी डोक्यावर घातलं, शब्द म्हटले आणि नावापाशी अडली. आईनं रोझालिन ठरवलं होतं, पण आई शुद्धीवर नव्हती आणि घरातल्या बाकीच्यांना ठाऊक नव्हतं. भिंतीवर चर्चचं कॅलेंडर होतं. त्या दिवसाच्या चौकोनात एका जर्मन संन्यासिनीचा सण. सुईणीनं बोट ठेवून वाचलं, गर्ट्रूड. बाप सुतार. तो अंगणात रंधा मारत होता. त्याला सांगितलं, मुलगी झालीय, पाणी घातलंय, संध्याकाळ बघेल की नाही सांगता येत नाही. तो काही बोलला नाही. आत आला, सुपाशेजारी वीत टेकवून माप घेतलं, आणि बाहेर जाऊन एक फळी कापायला बसला.

मुलीनं ती संध्याकाळ पाहिली. त्या फळीचं आईनं पुढं मिठाच्या बरणीसाठी फडताळ केलं. ट्रूडी त्या फडताळाखाली पाट मांडून जेवत मोठी झाली. चुलत भावंडं चिडवायची, “गप बस, नाहीतर फळी काढू.” ती पण हसायची. पण अंथरुणावर पडली की स्वतःच्या नाकापुढं बोट धरायची आणि श्वास येतोय का बघायची. हे तिनं कोणाला सांगितलं नव्हतं.

जिला बघून बापानं लाकूड कापलं ती शिकली काय, तर नर्सिंग. आधी मुंबई, मग रास अल खैमात सिमेंट कारखान्याच्या दवाखान्यात, धूळ गिळलेल्या कामगारांची छाती तपासत चार वर्षं, मग अबू धाबी आणि ही काचेची पेटी. लग्नाचं कोणी विचारलं नाही असं नाही. पापडी गावच्या एका मुलानं दोनदा विचारलं. ती म्हणाली, माझं मूल झालं तर मी त्याला झोपू देणार नाही, सारखी उठवून बघेन. त्याला वाटलं चेष्टा करतेय.

विभागात सगळे म्हणत, ट्रूडी सिस्टर म्हणजे लोखंड. हाताला कंप नाही, डोळ्यात पाणी नाही. आणि ट्रूडी घरी गेल्यावर गाडी पार्क करायच्या आधी फोन लावून विचारत असे, पाच नंबरचं बाळ कसं आहे. विचारून झाल्यावर पण तिची भूक परत यायला तास जायचा.

कधीतरी, पंधरा वर्षं झाली असतील, दोन वर्षांसाठी एक जर्मन डॉक्टर इथं आले होते. पहिल्याच दिवशी त्यांनी तिचा बॅज वाचला.

“सिस्टर, तुमच्या छातीवर माझ्या आजीचं नाव आहे.”

“तुमच्याकडे कॉमन आहे का, डॉक्टर?”

“होतं. आता वृद्धाश्रमात सापडतं आणि थडग्यांवर. काळ्या केसांची गर्ट्रूड मी आयुष्यात पहिल्यांदा बघतोय.”

“अर्थ काय त्याचा?”

“गेर म्हणजे भाला. ट्रूड म्हणजे बळ.”

“भाला? मी तर सुईपण भीत भीत टोचते.”

“उत्तम. भाल्यासारखी टोचलीत तर मला पेशंट उरणार नाहीत.”

मग काम करता करता त्यांनी तिला सांगितलं होतं की जुने जर्मन लोक नावं दोन तुकडे जोडून करत. भाला, बळ, लढाई, लांडगा, अस्वल, कीर्ती, असले तुकडे. पुष्कळदा एक बापाच्या माणसांच्या नावातला, एक आईच्या माणसांच्या. त्याचं वाक्य झालंच पाहिजे असं नसे. पोराच्या अंगावर दोन्ही घरांचं काहीतरी असावं, एवढंच. ट्रूडीला ते फार आवडलं होतं. आपल्या नावाला सुईण आणि कॅलेंडर सोडून आणखी कोणी आईबाप आहेत, असं तिला त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं.

“ममा.” अ‍ॅशले जमिनीवर बसून फोनमध्ये बघत होती. “इट मीन्स स्पिअर. स्पिअर अँड स्ट्रेंग्थ. दॅट्स नाइस, अ‍ॅक्च्युअली.”

“मराठीत बोल.”

“भाला. स्ट्राँग भाला. नॉट अ डेड पर्सन्स नेम, ममा. इट्स अ फायटर नेम.”

“बघ,” ट्रूडी म्हणाली. “पोरीला कळतं.”

“अँड द सेकंड पार्ट इज... ओह.”

“काय ओह?”

“नथिंग.”

“अ‍ॅशले.”

अ‍ॅशलेनं फोन छातीशी धरला. “जुन्या स्टोरीजमध्ये एक होती. सेम नेमची, त्रूद. वल्किरी. म्हणजे लेडीज, हॉर्सवर. लढाई चालू असते तेव्हा त्या येतात आणि चूज करतात.”

“काय चूज करतात?”

“हू डाईज.” ती पुटपुटली. “मग त्यांना घेऊन जातात.”

हिलरी सांडलेला चहा टिश्यूनं पुसत होता. त्याचा हात थांबला. शेजारच्या विभागातून मॉनिटरचा टिंग टिंग आवाज येत होता, बारा दिवस येत होता, पण तो आत्ताच सुरू झाल्यासारखा सगळ्यांनी कान दिला.

“घेऊन जातात,” कॉन्सेप्टा म्हणाली.

जर्मन डॉक्टरांनी हे सांगितलं नव्हतं.  बावीस वर्षं ट्रूडी हे नाव अंगावर घेऊन बाळांच्या पेट्यांमधून फिरली होती. या पेटीपासून त्या पेटीपर्यंत. कोण राहिलं, कोण गेलं. तिला एकदम काही बाळांचे नंबर आठवले, आणि ते आठवू नयेत म्हणून ती घाईनं बोलायला लागली.

“त्या परीकथा आहेत. ऐक माझं. त्या लोकांची नावं म्हणजे तुकडे असायचे, एक या घरचा, एक त्या घरचा. त्याचा अर्थ असा सरळ...”

“तुकडे.” कॉन्सेप्टा उठून उभी राहिली. टाके ओढले गेले असावेत, कारण तिनं पोट धरलं. “नऊशे चाळीस ग्रॅमची आहे ती. तिला द्यायला तुला तुकडे मिळाले?”

“ममा, लिसन. वर्ड आधी आला,” अ‍ॅशले रडवेली होऊन म्हणाली. “ट्रूड म्हणजे फक्त स्ट्रेंग्थ. मग त्या लेडीला ते नाव दिलं, बिकॉज शी वॉज स्ट्राँग. नाव तिच्याकडून आलेलं नाही. तिला नाव दिलंय. आय शुडन्ट हॅव सेड एनिथिंग.”

“तू काही चुकली नाहीस, बाळा,” हिलरी म्हणाला.

“मी चुकले,” ट्रूडी म्हणाली. “विचारायला हवं होतं. तू खाली कँटीनमध्ये होतीस. मी विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस.”

“हो. नाहीच म्हणाले असते.”

“म्हणून नाही विचारलं.”

कॉन्सेप्टा काही बोलणार तेवढ्यात दारावर टकटक झाली. आतली नर्स, फिरदोस. मूळची रत्नागिरीची, त्यामुळे बारा दिवस या घराशी मराठीत बोलणारी विभागातली ती एकटीच. तिच्या हातात काही नव्हतं आणि ती हसत नव्हती.

“ताई, डॉक्टर बोलावतायत. मिस्टरांना पण. एक्सरे आलाय.”

सर्जन थोडकं बोलले. बाळाच्या आतड्याला छिद्र पडलंय. एवढ्या लहान बाळांत होतं असं. आजच ऑपरेशन करावं लागेल, अडीच वाजता. नेणार नाहीत, तिथंच पेटीशेजारी करतील, हलवण्यात धोका आहे. हिलरीनं सही केली. सही त्याच्या नेहमीच्या सहीसारखी आली नाही आणि त्यानं विचारलं, चालेल का. सर्जन म्हणाले, चालेल.

“इन्शाल्ला,” फिरदोस हळूच म्हणाली. तो शब्द इथं दिवसातून शंभर वेळा कानावर पडतो, बस यायची असो की एसीवाला. कॉन्सेप्टानं तो ऐकला आणि भिंतीला हात लावला.

कॉन्सेप्टाला दोन मिनिटं पेटीपाशी उभं राहू दिलं. त्या दोन मिनिटांत हिलरीनं बहिणीला लिफ्टच्या बाजूला ओढलं.

“खरं सांग, बाय. सकाळी तू काय पाहिलंस?”

“पोट.”

“म्हणजे?”

“फुगलेलं. चकचकीत, आणि एका बाजूनं निळसर. लसीकरणाला सकाळी गर्दी नव्हती म्हणून मी वर आले होते, नुसती बघायला. झाकण काढलं आणि दिसलं. ती पोटं मी बावीस वर्षं बघितलीत, हिलरी.”

“किती जगतात?”

“काही जगतात.”

“किती?”

ट्रूडीनं लिफ्टचं बटण दाबलं. कुठंही जायचं नव्हतं. लिफ्ट आली, उघडली, बंद झाली.

“तिच्याएवढ्या लहान,” ती म्हणाली, “फार नाही.”

हिलरीनं दोन्ही हात डोक्यावर ठेवले. तो बेचाळीस वर्षांचा होता. ट्रूडीनं स्वतःच्या पंधराव्या वर्षी त्याला कडेवर घेतलं होतं, आणि आत्ता तो तसाच तिच्या खांद्याशी आला. “हे कॉन्सेप्टाला सांगू नकोस.”

“मी कोणालाच सांगत नाही.”

“तिला म्हण, सगळं ठीक होणार. तुझं ऐकेल ती.”

“माझं? आज?”

तो हसला की काय झालं ते त्यालाही कळलं नाही. मग तो अ‍ॅशलेला घेऊन खाली गेला. वसईला फोन करायचा होता, आणि मुलीला काहीतरी खायला घालायचं होतं, असं तो म्हणाला. खरं तर त्याला त्या खोलीत बसवत नव्हतं.

अडीच वाजले. आतलं दार बंद झालं आणि त्याच्या काचेवर आतून पडदा ओढला गेला.

सोफ्यावर दोघी. मध्ये एका माणसाची जागा मोकळी.

“तुझे पाय हलतायत,” कॉन्सेप्टा म्हणाली.

“एसी आहे.”

“एसीनं दात वाजतात. पाय नाही.”

ट्रूडीनं गुडघ्यांवर हात ठेवले. 

“तू घाबरलीयस.”

“मी रोजच घाबरते.”

“तू? तुझ्या नावानं इथल्या नवीन मुली थरथरतात म्हणे. फिरदोस सांगत होती.”

“त्यांना थरथरू दे. मी त्यांच्यापेक्षा जास्त थरथरायचे, फक्त घरी जाऊन. मुंबईत असताना माझ्या वॉर्डात पहिलं बाळ गेलं. त्यानंतर मी तीन महिने लिफ्टमध्ये बसले नाही. सहा मजले चढायचे.”

“का?”

“दार बंद झालं की श्वास लागायचा. स्वतःचा मोजायला लागायचे.” ती थांबली. “अजून मोजते. झोपताना नाकापुढं बोट धरून बघते, चालू आहे का.”

कॉन्सेप्टानं तिच्याकडे मान वळवली. “या वयात?”

“रोज.”

“आणि चालू असतो?”

“आतापर्यंत तरी.”

कॉन्सेप्टाच्या घशातून एक आवाज आला. हसू होतं, पण अर्ध्यावर त्याचं दुसरंच काही झालं. ट्रूडीनं तिच्या पाठीवर हात ठेवला. तिनं झटकला नाही.

“मला एक कळत नाही,” थोड्या वेळानं कॉन्सेप्टा म्हणाली. “तुझ्या आईनं नंतर बदललं का नाही ते नाव? रोझालिन करायचं. घरात तरी.”

“फादर म्हणाले, पाणी एकदाच. आई म्हणाली, मग नावही एकदाच. ती मला कधी रोझालिन म्हणाली नाही. पण ते नाव तिनं दुसऱ्या कोणत्या मुलीलाही दिलं नाही.”

“भीती वाटली असेल.”

“कशाची?”

“की तू हे नाव परत देशील आणि निघून जाशील.”

ट्रूडीला हे कधी सुचलं नव्हतं. सुचायला एक आई लागली.

पडद्यामागं कोणीतरी वाकलं, उठलं. सावल्या. एक मॉनिटर जोरात वाजायला लागला आणि दोघींनी एकाच वेळी सोफ्याची कड धरली. ट्रूडीला तो आवाज ओळखीचा होता. प्रत्येक आवाजाचं नाव तिला ठाऊक होतं, आणि हा कोणता ते तिनं सांगितलं नाही. तो वाजत राहिला. ट्रूडी सेकंद मोजत होती, ओठ न हलवता. चाळीस. पन्नास. कॉन्सेप्टा तिच्या तोंडाकडे बघत होती, पडद्याकडे नाही. सत्तरला आवाज थांबला.

“थांबला म्हणजे चांगलं की वाईट?”

“चांगलं.”

“नक्की?”

“वाईट असतं तर सगळे पळाले असते.”

कोणी पळालं नव्हतं. त्यानंतर कॉन्सेप्टानं डोळे मिटले आणि मणी नसताना बोटांवर रोझरी म्हणायला लागली. पाचव्या बोटापाशी ती चुकली, पहिल्यापासून सुरू केली.

सव्वाचारला सर्जन बाहेर आले. मास्क हनुवटीखाली. खराब झालेला आतड्याचा तुकडा काढलाय, ते म्हणाले. बाळानं एकदा आम्हाला घाबरवलं, पण ती सावरली. आता ती व्हेंटिलेटरवर आहे. पुढचे दोन दिवस महत्त्वाचे, आज एवढंच सांगता येईल. हिलरी तोवर वर आला होता. त्यानं सर्जनचा हात दोन्ही हातांत धरला आणि सोडायला विसरला.

फिरदोस मागून आली. टोपी काढत, घामेजलेली.

“ताई, वेळेवर झालं. ट्रूडी सिस्टरनी साडेअकराला डॉक्टरांना आणून पोट दाखवलं ना, म्हणून एक्सरे लगेच निघाला. संध्याकाळी कळलं असतं तर खलास होतं.” तिनं जीभ चावली. “सॉरी. म्हणजे, कळलं ते बरं झालं.”

कॉन्सेप्टा ट्रूडीकडे बघत राहिली. हिलरी आत जाऊन काचेतून बघून आला, डोळे पुसत अ‍ॅशलेला आणायला गेला. फिरदोसनं एक फॉर्म सोफ्यावर ठेवला. ऑपरेशनचे कागद पुढं पाठवायचेत, ती म्हणाली, नाव ठरलं असेल तर लिहा, नाही तर ‘बेबी ऑफ’ चालेल, घाई नाही. आणि गेली.

कॉन्सेप्टानं फॉर्म मांडीवर घेतला. ट्रूडीनं आपण होऊन पेन पुढं केलं नाही. कॉन्सेप्टानंच ते तिच्या खिशातून काढलं. बराच वेळ टोक कागदावर टेकून होतं आणि शाईचा ठिपका पसरत गेला. मग तिनं लिहिलं. मोठ्या, शाळकरी अक्षरांत. गर्ट्रूड हिलरी तुस्कानो.

“पाणी एकदाच, तर नावही एकदाच,” ती म्हणाली. “भाला तर भाला. टोचू दे सगळ्यांना.”

ट्रूडीनं मान हलवली. 

“पण बाय, एक राहिलं.” कॉन्सेप्टानं पेन बंद केलं. आवाज अगदी साधा होता, हॉटेलातल्या फोनवर असतो तसा. “साडेअकराला तू डॉक्टरांना आणलंस. म्हणजे काही करता येईल असं तुला वाटत होतं. मग दहा मिनिटांनी पाणी घातलंस. त्या दहा मिनिटांत काय झालं? मला बाकी काही नको, रागावणार नाही. पुढचे दोन दिवस मला काढायचेत, म्हणून विचारतेय. पाणी घालताना, ती जगेल असं तुला वाटत होतं का?”

ट्रूडी उठली. कंबर सरळ व्हायला तिला वेळ लागला. तिनं दारामागं टांगलेला आपला पांढरा कोट गारठलेल्या कॉन्सेप्टाच्या खांद्यांवर घातला, त्याची कॉलर नीट केली, बटण लावायला गेली आणि लावलं नाही. मग दार उघडून ती बाहेर गेली. कॉन्सेप्टाला कॉरिडॉरमधून तिच्या रबरी चपला ऐकू येत होत्या, लिफ्टपाशी न थांबता पुढं जिन्याकडे जाणाऱ्या.